पान एकाहत्तरवरची पट्टी

पृष्ठ १ ते ८

(नाहीत. वाळवीने खाल्ली.)

पृष्ठ ९

मित्रांनो, माझ्या वासावरूनच तुम्ही माझे वय ओळखले असेल. मी नाटकाची एक प्रत आहे. पुण्यातल्या एका महाविद्यालयाच्या ग्रंथालयात, 'संदर्भग्रंथ, बाहेर नेऊ नये' अशी पाटी लावलेल्या कपाटात मी राहते. स्वतःची कहाणी सांगणाऱ्या वस्तूने नम्र असावे, जुन्या दिवसांच्या आठवणीने थोडे गहिवरावे, अशी रीत आहे. माझ्याकडून ते होणार नाही. मला राग आलेला आहे. चोपन्न वर्षे येतो आहे.

माझा जन्म १९१२ सालचा. छापखान्यातल्या जुळाऱ्याने शिशाचा एकेक खिळा उचलून माझे एकेक अक्षर उभे केले. माझ्यातल्या नाटकाचे नाव 'आठवा बुरूज'. शोकांतिका आहे. पाच अंकांची.

गोष्ट ऐका. एका राजाच्या गडाला सात बुरूज असतात. आठवा बांधायला घेतला की तो ढासळतो. ज्योतिषी सांगतो, बुरुजाच्या पायात एक मूल पुरावे लागेल आणि ते राजाचेच हवे. राजा तीन अंक तळमळतो. शेवटी स्वतःचा मुलगा द्यायला तयार होतो. पण त्या पहाटे प्रधान राजपुत्राचे कपडे दासीच्या मुलाला घालतो. बुरूज उभा राहतो. मग राजाला खरे काय ते कळते. तो अन्नपाणी सोडतो. पाचव्या अंकात तो मरणाच्या दारात असताना दासी हातात दिवा घेऊन आत येते आणि

[पट्टी]

निघून जाते.

पाहिलेत? माझीच गोष्ट सांगतानाही मी तिथे अडते.

पृष्ठ ३४

या पानावर काजळी आहे. ती विंगेतल्या कंदिलाची.

गावोगाव फिरणाऱ्या एका नाटक कंपनीत मी सोळा वर्षे काम केले. प्रॉम्प्टरच्या मांडीवर बसायचे आणि नट अडखळला की त्याला पुढचे वाक्य पुरवायचे, हे माझे काम. त्या दिवसांत दासी बोलत असे. पान एकाहत्तर, चाळीस ओळी. सगळ्यांना ते आवडत नसे. एका गावी पहिल्या रांगेतले इनामदार मध्येच उठून गेले होते, आणि त्यांच्यामागे त्यांचे सात-आठ आश्रित. मागच्या बाजूला जमिनीवर बसलेली माणसे मात्र हलली नव्हती. दासीचे काम करणारा नट आत येऊन म्हणाला होता, "पुढचे गेले, चालेल. मागचे बसलेत ना." मला तो नट आवडायचा.

मग बोलपट आले, कंपनी बुडाली, आणि मी रद्दीतून महाविद्यालयात आले. माझ्यासारख्या हजार प्रती छापल्या होत्या. उरलेल्या सगळ्या नदीकाठच्या एका गोदामात होत्या. पानशेतच्या पुरात त्यांचा लगदा झाला. मी तेवढी राहिले.

पृष्ठ ५२

आता १९७१ साल. आंतरमहाविद्यालयीन एकांकिका स्पर्धा. वेळेची मर्यादा एक तास. जयसिंग नावाच्या विद्यार्थ्याने माझे पाच अंक कापून एकांकिका केली. दिग्दर्शक तोच, राजाही तोच. प्रॉम्प्टर होता बद्रीनाथ. एम.ए.ला होता, सडपातळ, हुशार, नाटक म्हटले की जेवण विसरणारा. हे नाव लक्षात ठेवा.

तालमीत प्रयोग चौसष्ट मिनिटांवर गेला.

"चार मिनिटं जास्त होतायत," बद्रीनाथ म्हणाला. "राजाचं स्वगत थोडं छाटू या?"

"राजा कोण करतंय?"

"तू."

"मग?"

"मग काय काढू?"

"दासीचं काढ. चाळीस ओळी आहेत. आणि एवढं बोलून करते काय, तर मरणाऱ्या माणसाला टोचून बोलते. परीक्षक उठून जातील."

"आणि ती करेल काय?"

"दिवा ठेवील आणि जाईल. दासी आहे ती, बद्री. दिवा ठेवणं जमेल तिला."

दासीचे काम करणारी मुलगी तिथेच बसली होती. तिला कोणी विचारले नाही.

बद्रीनाथने आधी पेन्सिलीने काट मारली. पण पेन्सिल विंगेतल्या उजेडात दिसत नाही. चुकून काढलेले वाक्यच पुरवले गेले तर घोटाळा. म्हणून प्रॉम्प्टर लोक त्या काळी काढलेल्या मजकुरावर कागदाची पट्टी चिकटवत. त्याने वहीचा कोरा कागद कापला, कॅन्टीनमधून मैद्याची खळ करून आणली आणि चाळीस ओळींवर तो कागद बसवला. वर स्वच्छ अक्षरात लिहिले : 'दासी दिवा ठेवते. जाते.' खळ गार होती. कोणी झोपेत तोंडावर ओला हात ठेवावा तसे मला वाटले.

त्यांना पहिले बक्षीस मिळाले. दासी काही न बोलता गेली तेव्हा सभागृहात सुई पडली असती तरी ऐकू आली असती. आणि विंगेत, मला मांडीवर घेऊन, बद्रीनाथ रडत होता. ते अश्रू पान एकोणसत्तरवर पडले. ते डाग आहेत अजून.

पृष्ठ ५८

ते अश्रू खरे होते, हे मी कबूल करते. त्यापुढचे मात्र कबूल करत नाही.

बद्रीनाथ प्राध्यापक झाले. त्यांनी एक निबंध लिहिला : 'मौनाची शोकांतिका'. त्यात म्हटले होते, थोर नाटककाराने दासीला एकही शब्द दिला नाही, कारण क्षमेला शब्द लागत नाहीत. दिवा ठेवणे म्हणजेच क्षमा करणे. निबंध गाजला. मग अभ्यासक्रमासाठी नाटकाची नवी आवृत्ती काढायची ठरली. संपादक अर्थातच तेच. छापायला मूळ प्रत कोणती दिली? मी. पट्टीसकट.

मित्रांनो, कात्री कोणत्याही नाटकाला लागते. तिचे मला काही वाटत नाही. पण घड्याळाकडे बघून मारलेल्या काटेला नाटककाराची प्रतिभा म्हणायचे? आणि तेही स्वतःच्या हाताने खळ लावलेल्या माणसाने?

त्यानंतर दर वर्षी परीक्षेत प्रश्न आला. 'दासीच्या मौनातील क्षमाभाव स्पष्ट करा.' हजारो मुलांनी तो स्पष्ट केला. गाइडांनी त्याचे मुद्दे पाडले. कोणी नव्या सिद्धान्ताच्या आधारे ते मौन तपासले, कोणी जुन्या रसांच्या आधारे. कोणी परदेशात जाऊन त्यावर बोलून आले. आणि मी कपाटात होते, आठ पावलांवर. पान उलटून पाहायला कोणी आले नाही.

आल्या त्या कसरी. पुस्तकातल्या त्या चंदेरी किड्यांनी पट्टीच्या कडेची खळ खायला सुरुवात केली. माझ्यावर सगळ्यात कसून अभ्यास त्यांनीच केला आहे.

पृष्ठ ६३

यंदा बद्रीनाथ सर पंचाहत्तर वर्षांचे झाले. विभागाने त्यांचा सत्कार ठरवला. सकाळी चर्चासत्र, संध्याकाळी 'आठवा बुरूज'चा प्रयोग. दिग्दर्शक होता ऋषी, महाविद्यालयाचा माजी विद्यार्थी. हिंजवडीला एका कंपनीत आहे, शनिवार-रविवार तालमी घेतो. राजाही तोच करणार होता. दासी होती मैत्री, एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाची, विश्रांतवाडीहून दोन बस बदलून येणारी. तिचा प्रकल्पही दासीवरच होता.

चर्चासत्रात पडद्यावर दाखवायला जुन्या प्रतीचे फोटो हवे होते. ते काढायला मैत्री आली. तिने मला उघडले. पान एकाहत्तर. पट्टीचा कोपरा कसरीने मोकळा केला होता. तिने त्याच्याखाली नख घातले, श्वास रोखला आणि हळूहळू ओढले.

चोपन्न वर्षांनी मला वारा लागला.

ती वाचत गेली. पहिल्यांदा मनात, मग ओठ हलवत, मग कुजबुजत. शेजारच्या टेबलावरच्या गृहस्थांनी "शांतता" या पाटीकडे बोट दाखवले. तिने पानाचे फोटो काढले, मला ओढणीत गुंडाळले आणि पिशवीत टाकले. 'बाहेर नेऊ नये' या पाटीखालून मी बाहेर गेले.

पृष्ठ ६६

ऋषीने तालमीच्या आधी, चहा पितापिता वाचले.

"भारी आहे," तो म्हणाला. "सीरियसली. पण स्लॉट पन्नास मिनिटांचा आहे ग."

"तुझं स्वगत सात मिनिटांचं आहे."

"ते नाटकाचं हार्ट आहे."

"कोण म्हणालं?"

"सरांनी लिहिलंय. आणि सर समोर बसणार आहेत, मैत्री. त्यांच्या सत्कारात आपण त्यांना सांगायचं का, की सर, तुमचं चुकलं? केकवर लिहून देऊ या त्यापेक्षा."

"मग मी काय करू?"

"दिवा ठेव आणि जा. टाळ्या त्यालाच पडतात."

"नाही जमणार मला."

ऋषीने कप खाली ठेवला. "हे बघ, आपल्या ग्रुपमधल्या संस्कृतीलाही दिवा ठेवता येतो. तू विचार कर."

मैत्रीने विचार केला आणि रविवारी दुपारी मला घेऊन वारज्याला गेली. सरांच्या घरी.

पृष्ठ ६८

सर म्हातारे झाले होते. विद्यार्थ्यांना 'आपण' म्हणायची त्यांची सवय तीच होती.

"बसा आपण. आमच्या मौनावर प्रकल्प करताय म्हणे."

मैत्रीने मला त्यांच्यापुढे उघडून ठेवले. शेजारी ती सुटी पट्टी. सरांनी चष्मा लावला. आधी पट्टीवरचे अक्षर पाहिले, मग पान. मग पुन्हा पट्टी. आतल्या खोलीत कुणीतरी मिक्सर लावला आणि बंद केला.

"अक्षर ओळखलंत, सर?"

"माझंच आहे. तेव्हा बरं होतं."

"मग तुम्हाला माहीत होतं."

"माहीत असणं आणि आठवणं यात फरक असतो. मला आठवत होती ती त्या संध्याकाळची शांतता." ते सावकाश म्हणाले, "आपण लहान आहात. नाटक म्हणजे छापलेला कागद नव्हे. प्रयोगात जे घडतं ते नाटक. त्या दिवशी तीनशे माणसं रडली. ती खोटी रडली का?"

"नाही सर. रडली ती खरीच. तुम्ही प्रयोगावर लिहिलं असतं तर माझं काही म्हणणं नव्हतं. पण तुम्ही लिहिलंय, नाटककाराने तिला शब्द दिला नाही. दिला होता. आणि तुम्ही लिहिलंय, तिने क्षमा केली. तिने केलेली नाही. चौथीच ओळ आहे."

"बी.ए.ला आपल्याला हाच प्रश्न आला होता का?"

"हो. सोळांपैकी चौदा मिळाले."

"म्हणजे उत्तर उत्तम होतं."

"उत्तमच होतं, सर. त्याचाच राग येतोय."

सर किंचित हसले. मैत्री हसली नाही. "आमची आजी, चंद्रभागाबाई, तीस वर्षं डेक्कनवर लोकांच्या घरी धुणीभांडी करायची," ती म्हणाली. "तिथे ती गप्प असायची. घरी आली की बोलायची. कोण काय म्हणालं, कुणी कप वेगळा ठेवला, सगळं नावानिशी. तुम्ही तिला त्यांच्या स्वयंपाकघरात पाहिलं असतं ना, तर तिच्यावरही क्षमाभाव लिहिला असता."

मला त्या वेळी हात असते तर मी टाळ्या वाजवल्या असत्या.

"आपली मागणी काय आहे?" सरांनी विचारले.

"प्रयोगात ओळी बोलू द्या म्हणून ऋषीला सांगा. तुमच्या शब्दावर तो ऐकेल. आणि येत्या नव्या आवृत्तीत एक टीप घाला. दोन ओळींची."

सरांनी मला मिटले. अगदी हळू, काळजीपूर्वक. पुस्तकांशी ते नेहमी चांगले वागत.

"पंचाहत्तराव्या वर्षी एवढं अवघड काम सांगू नये माणसाला," ते म्हणाले. "चहा घेणार?"

तिने घेतला नाही.

पृष्ठ ७०

दासीचे काम संस्कृतीला मिळाले. मैत्रीला ऋषी म्हणाला, "राग नको ग. तू प्रॉम्प्टिंग कर. संहिता तुझ्याइतकी कोणाला पाठ नाही." विंगेत मोबाइल चालणार नाही असा त्याचा नियम होता, उजेड प्रेक्षकांना दिसतो म्हणून. त्यामुळे कागदाची प्रत हवी होती. मैत्रीने मला नेले. चोपन्न वर्षांनी, छोट्या पिवळ्या बल्बच्या उजेडात मी पुन्हा एका प्रॉम्प्टरच्या मांडीवर बसले.

प्रयोग चांगला चालला होता. ऋषी वाईट नट नाही. पाचवा अंक आला. राजा पलंगावर पडला. संस्कृती दिवा घेऊन आली, वाकली, आणि दिवा खाली ठेवणार एवढ्यात मैत्रीने विंगेतून पहिली ओळ पुरवली.

"महाराज, मी रडायला आलेली नाही."

संस्कृती थांबली. नटांचे अंग असेच घडलेले असते. प्रॉम्प्ट कानावर आला की आपले काहीतरी चुकले असे वाटून पाय थांबतात. ती दिवा हातात धरून तशीच अर्धवट वाकून राहिली. मैत्रीने आवाज चढवला. आता तो पुरवण्याचा आवाज नव्हता.

"तुमच्या रडण्याने हा महाल भरला आहे. माझ्या रडण्याला इथे जागा उरलेली नाही. मी क्षमा केलेली नाही, आणि माझ्याकडे ती कोणी मागितलेली नाही. लोक म्हणतात, दासीने धन्यासाठी पोर दिले. मी दिले नाही. मी पाण्याला गेले होते. परत आले तेव्हा अंगणात त्याचे कपडे पडले होते."

संस्कृती सरळ उभी राहिली. तिने आवाजाच्या दिशेने पाहिले नाही. राजाकडे पाहिले.

मरणारा राजा ओठ न हलवता म्हणाला, "पडदा. पडदा टाक." मैत्री वाचत राहिली. एकोणीस ओळी. वीस. मी विंगेतून पहिली रांग पाहू शकत होते. बद्रीनाथ सर खुर्चीच्या कडेला आले होते. त्यांचे ओठ प्रत्येक शब्दाबरोबर हलत होते. त्यांना सगळे पाठ होते, मित्रांनो. चोपन्न वर्षे पाठ होते.

तेविसाव्या ओळीवर पडदा पडला.

पृष्ठ ७०, पुढे चालू

टाळ्या फार पडल्या. दुसऱ्या दिवशी एका वर्तमानपत्रात आले, 'दिग्दर्शकाने दासीच्या मौनाला विंगेतून आवाज देण्याची अभिनव कल्पना योजली. राजाचे अखेरचे पुटपुटणेही अर्थपूर्ण.' ऋषीने ते कात्रण सगळ्यांना पाठवले. मैत्रीलाही. सत्काराच्या भाषणात सर प्रयोगाबद्दल काही बोलले नाहीत. लोक म्हणाले, सर भारावले.

नवी आवृत्ती आली आहे. पान एकाहत्तर तसेच. प्रस्तावनेत एक परिच्छेद वाढला : 'अलीकडे काही तरुण रंगकर्मी या मौनात शब्द कल्पू लागले आहेत.'

कल्पू.

मैत्रीने प्रकल्पाला फोटो जोडले. फोटो काय, कसेही बनवता येतात, म्हणून बाहेरून आलेल्या परीक्षकांनी मूळ प्रत पाहायला मागितली. ती त्यांना घेऊन ग्रंथालयात आली, मला उघडले. मधल्या काळात मी पट्टीसकट कपाटात परतून 'दुरुस्ती'ला जाऊन आले होते. बाइंडर मन लावून काम करणारा माणूस. सुटलेली पट्टी पाहून त्याला वाईट वाटले आणि त्याने ती होती तिथे पांढऱ्या डिंकाने घट्ट बसवून दिली. हा पांढरा डिंक कसर खात नाही. परीक्षक म्हणाले, "इथे तर 'दासी दिवा ठेवते, जाते' असंच आहे."

"खाली आहे, सर. उजेडासमोर धरा."

त्यांनी धरले. पुसट काहीतरी दिसले. "वाचता येत नाही," ते म्हणाले, आणि शेऱ्यात लिहिले : 'निष्कर्षांना आधार अपुरा.' मैत्री त्यांच्याशी भांडली. बऱ्यापैकी मोठ्याने. गुण कमी पडले ते पडलेच. ती आता त्या शेऱ्याविरुद्ध अर्ज करते आहे, तिसरा. मला ओल्या फडक्याने, तज्ज्ञाच्या हाताने पुन्हा उघडावे, एवढीच तिची मागणी आहे.

पृष्ठ ७१

मित्रांनो, अशा कहाणीच्या शेवटी वस्तू सांगते की मला फाडू नका, माझी पाने दुमडू नका, मला ऊन दाखवा. मला फाडलेत तरी चालेल. पण तुमच्या हातात कोणतेही पुस्तक आले आणि त्यातले कोणी गप्प असले, तर ते का गप्प आहे हे ठरवण्याआधी पान बोटाने चाचपून पाहा. तिथे कागद जाड लागतो का ते पाहा. लागला तर नख घाला. गुण कापले जातील. घाला.

पडदा तेविसाव्या ओळीवर पडला होता. तिथून पुढे मीच वाचते. डिंकाखालून.

*दासी* : बुरुजावर तुमचे नाव कोरले आहे. प्रधानांचे कोरले आहे. गवंड्याचेही कोरले आहे. ज्याच्या अंगावर तो उभा आहे त्याचे नाव तिथे नाही. पाच वर्षे ते पोर या महालात वावरले. तुमचे जोडे त्याने उचलले. तुम्हाला पाणी त्याने दिले. तुम्ही त्याला रोज हाक मारत होता, महाराज. काय म्हणून हाक मारत होता? तेवढे सांगा. नाव घ्या त्याचे. क्षमा हवी असेल तर मी इथे उभी आहे, एवढे एक नाव घ्या.

(राजा तोंड उघडतो. मिटतो. पुन्हा उघडतो.)

*राजा* : पोरा... ए पोरा, म्हणून.

*दासी* : तेच.

(दिवा ठेवत नाही. घेऊन जाते. राजा अंधारात मरतो.)